क्रीमला रात्र, स्कोनला अर्धा तास: घरच्या घरी इंग्लिश क्रीम टी

इंग्लंडच्या नैऋत्य टोकाला डेव्हन आणि कॉर्नवॉल हे दोन शेजारी परगणे आहेत. हिरवी कुरणं, भरपूर पाऊस आणि त्यावर पोसलेल्या गायी, त्यामुळे दुधातुपाची इथे कधी ददात नव्हती. तिथल्या कुठल्याही टीरूममध्ये दुपारी 'क्रीम टी' मागितला की समोर येतात दोन कोमट स्कोन (मैद्याचे, पाव आणि केक यांच्या मधले छोटे भाजलेले गोल), वाटीभर घट्ट क्लॉटेड क्रीम (मंद उष्णतेवर धरलेली जाड साय), स्ट्रॉबेरीचा जॅम आणि किटलीभर चहा. लंडनच्या मोठ्या हॉटेलांत तीन मजली तबकात मिळतो तो 'आफ्टरनून टी' वेगळा. त्यात सँडविच असतात, केक असतात आणि स्कोन मधल्या मजल्यावर कुठेतरी असतात. दुपारच्या चहाची ही रीत साधारण १८४०च्या सुमारास बेडफर्डची डचेस ॲना हिच्यापासून पडली असं मानतात. दुपारचं हलकं जेवण आणि रात्री उशिराचं जेवण यांच्या मधे भूक लागायची, म्हणून तिने चहाबरोबर खायला मागवायला सुरुवात केली. माझा जीव मात्र साध्या क्रीम टीत आहे. चारच गोष्टी, आणि चारही घरी करता येतात.

करायला बसण्याआधी एक गोष्ट मनात पक्की असू द्या. क्रीम हे सावकाशीचं काम आहे आणि स्कोन हे झटपट उरकायचं. क्रीम मोठ्या आचेवर ठेवलं की ते उकळून फाटतं किंवा पातळच राहतं. स्कोनचं पीठ प्रेमाने मळत बसलं की ते चिवट होतं. आपल्या हाताला पोळीची कणीक तिंबायची सवय, म्हणून हा दुसरा भाग आपल्याला जास्त जड जातो. तेव्हा क्रीम आदल्या दिवशी करायचं, जॅमही आधीच करून ठेवायचा, आणि स्कोन पाहुणे यायच्या तासभर आधी करायला घ्यायचे.

आदल्या दिवशी: क्लॉटेड क्रीम

क्लॉटेड क्रीम फेटलेलं नसतं आणि त्यात साखरही नसते. त्याचा गोडवा दुधाचाच, तासन्‌तास मंद उष्णतेवर राहिल्याने उतरलेला. कॉर्निश क्लॉटेड क्रीमला १९९८ साली युरोपीय संघाने भौगोलिक संरक्षण दिलं. त्या नावाने विकायचं तर दूध कॉर्नवॉलमधलंच हवं आणि क्रीममध्ये स्निग्धांश किमान ५५ टक्के हवा. हा आकडा लक्षात ठेवा, कारण घरी आपण काय वापरतो त्यावरच सगळं ठरतं.

ब्रिटनमध्ये राहणाऱ्यांचं काम सोपं आहे. तिथे दुकानात मिळणाऱ्या डबल क्रीममध्ये सुमारे ४८ टक्के स्निग्धांश असतो. ६०० मिली डबल क्रीम घ्या, पण दीर्घकाळ टिकणारं, अतिउष्णतेवर प्रक्रिया केलेलं नको, त्यावर नीट थर धरत नाही. पसरट काचेच्या किंवा चिनी मातीच्या भांड्यात ते ओता. थर तीन ते पाच सेंटिमीटरचा असावा. ओव्हन ८० अंश सेल्सिअसवर ठेवून भांडं न झाकता १० ते १२ तास आत राहू द्या. रात्री झोपताना ठेवलं की सकाळी ओव्हनमधलं काम संपतं; पुढे ते थंडही करायचं आहे, म्हणून ही रात्र चहाच्या आदल्या दिवसाच्याही आधीची. या काळात क्रीमला एकदाही उकळी येता कामा नये. कमी तापमानावर घरगुती ओव्हनचे काटे बरेचदा चुकीचं सांगतात, म्हणून पहिल्या तासात एकदा डोकावून बघा. कडेने बुडबुडे येत असतील तर आणखी १० अंश खाली आणा.

सकाळी वर पिवळसर, सुरकुतलेली साय दिसेल. भांडं अजिबात न हलवता आधी खोलीच्या तापमानाला येऊ द्या, मग झाकून फ्रिजमध्ये किमान आठ तास ठेवा. निवताना ते घट्ट होतं, तेव्हा गरम असताना पातळ दिसलं म्हणून धीर सोडू नका. नंतर वरचा जाड थर झाऱ्याने अलगद उचलायचा. खाली जे पातळ दूध राहतं ते फेकू नका, स्कोनच्या पिठात साध्या दुधाऐवजी तेच घाला. चवीला फार छान लागतं.

महाराष्ट्रात डबल क्रीम सहज मिळत नाही. पण ज्यांच्याकडे गवळी म्हशीचं दूध घालतो, त्यांच्याकडे त्याहून मोलाचा कच्चा माल आहे. म्हशीच्या दुधात सहा-सात टक्के स्निग्धांश असतो. तुर्कस्तानात याच दुधाचं 'कायमाक' करतात, आणि ते क्लॉटेड क्रीमचं सख्खं भावंडच म्हणावं. दोन लिटर निरसं दूध पसरट पातेल्यात घ्या. गॅसवर आधी जाड लोखंडी तवा, त्यावर पातेलं, आणि आच लहानात लहान. दूध तापेल, वाफ दिसेल, पण उकळी फुटू द्यायची नाही. थर्मामीटर असेल तर ८० ते ८५ अंशांच्या मध्ये ठेवा. दीड-दोन तास असंच राहू द्या. मधे ढवळायचं नाही, साय मोडायची नाही. मग गॅस बंद करून पातेलं तिथेच निवू द्यायचं आणि रात्रभर फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी कडेने सुरी फिरवून सायीचा थर उचला आणि चमच्याने हलकेच एकजीव करा. दोन लिटरमागे दीडशे ग्रॅमच्या आसपास धरून चाला. रंग पांढराशुभ्र येईल, कारण गायीच्या दुधाला पिवळेपणा देणारं कॅरोटीन म्हशीच्या दुधात जवळपास नसतंच.

रोज दूध तापवून आठवडाभर साठवलेली साय इथे चालणार नाही. ती आंबूस होते आणि तिचं लोणी-तूपच उत्तम. पिशवीचं होमोजिनाइज केलेलं दूधही नको. त्यातले स्निग्ध कण इतके बारीक केलेले असतात की ते वर येऊन जाड थर धरतच नाहीत.

एवढा वेळ नसेल तर गोड फेटलेलं क्रीम करता येतं. दुधापासूनचं, किमान ३५ टक्के स्निग्धांशाचं व्हिपिंग क्रीम २०० मिली, भांडं आणि क्रीम दोन्ही फ्रिजमध्ये थंडगार करून, त्यात दोन छोटे चमचे पिठीसाखर घालून फेटा. चमच्यावरून पडणार नाही इतकं झालं की लगेच थांबायचं, पुढे गेलात तर लोणी निघतं. शहरात मस्कारपोने चीज मिळत असेल तर ते २०० ग्रॅम, १०० मिली क्रीम आणि चमचाभर पिठीसाखर एकत्र करा. क्लॉटेड क्रीमच्या घट्टपणाच्या हे बरंच जवळ जातं. पाकिटातलं २५ टक्क्यांचं फ्रेश क्रीम कितीही फेटलं तरी उभं राहत नाही. आणि वनस्पती तेलाचं केकवरचं टॉपिंग कृपा करून वापरू नका. जिथे क्रीम हाच जीव आहे तिथे ते तोंडात तेलकट पांघरूण सोडतं.

जॅम

बाजारचा चांगला जॅम चालतो. पण डिसेंबर ते मार्च महाबळेश्वर-पाचगणीची स्ट्रॉबेरी बाजारात असते तेव्हा घरी न करण्याला कारण नाही. ५०० ग्रॅम स्ट्रॉबेरी, ४०० ग्रॅम साखर आणि एका लिंबाचा रस. स्ट्रॉबेरीत पेक्टिन (जॅम घट्ट करणारा फळातला अंश) कमी असतं, लिंबाच्या आंबटपणाशिवाय जॅम नीट धरत नाही. देठ काढून, मोठी फळं अर्धी करून साखरेत दोन तास मुरू द्या. मग जाड बुडाच्या भांड्यात आधी मंद आचेवर साखर पूर्ण विरघळवा आणि त्यानंतर मोठ्या आचेवर १०-१५ मिनिटं खळाखळा उकळा. फ्रीजरमध्ये ठेवलेल्या बशीवर थेंब टाका. मिनिटभराने बोटाने ढकलल्यावर सुरकुती पडली की जॅम झाला. थर्मामीटरवर हे १०५ अंशांच्या आसपास येतं. किंचित आंबटच असू द्या, क्रीमसमोर तोच उठून दिसतो.

स्कोन: साहित्य

सहा सेंटिमीटर व्यासाचे आठ स्कोन होतात.

मैदा ३५० ग्रॅम
बेकिंग पावडर ४ सपाट छोटे चमचे (सुमारे १६ ग्रॅम)
मीठ पाव छोटा चमचा (बटर खारं असेल तर नको)
थंडगार बटर ८५ ग्रॅम
बारीक साखर ४० ग्रॅम
थंड दूध १७५ मिली आणि १ छोटा चमचा लिंबाचा रस
वरून लावायला थोडं दूध, किंवा अंडं चालत असेल तर एक फेटलेलं अंडं

वाटी-कपाच्या भानगडीत न पडता वजनकाटा वापरा. मैदा दाबून भरला की सैल भरला, यावर कपात बराच फरक पडतो. ब्रिटनमध्ये सेल्फ रेझिंग फ्लोअर नावाचं पीठ मिळतं, त्यात बेकिंग पावडर आधीच असते. ते घेतलंत तर वरून एक छोटा चमचा पुरे. काही पाककृतींत पिठातही अंडं असतं, पण त्याने स्कोन केकच्या वळणावर जातो. बिनअंड्याचा स्कोन जास्त मोकळा लागतो, हे मी घरात अंडं चालतं की नाही याचा विचार बाजूला ठेवून सांगते आहे. साखर कमी वाटली तरी वाढवू नका, जॅम पुढे आहेच. बेदाणे आवडत असतील तर ७५ ग्रॅम.

बेकिंग पावडर जुनी असेल तर आधी तपासा. अर्धा चमचा गरम पाण्यात टाकली की जोरात फसफसली पाहिजे. नुसतीच बुडाली तर नवीन डबा आणा.

कृती

ओव्हन आधी २२० अंशांवर तापत ठेवा, पंख्याचा असेल तर २०० अंश. लहान ओटीजी असेल तर वरची-खालची दोन्ही कॉइल सुरू करून किमान १५ मिनिटं तापवा आणि बेकिंगचा रिकामा ट्रेही आतच तापू द्या. तापलेल्या ट्रेवर स्कोन पडताच तळापासून वाफ धरते आणि ते सरळ वर उठतात. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये कन्व्हेक्शनवरच २०० अंश, आणि वेळ दोन-तीन मिनिटं जास्त.

दुधात लिंबाचा रस घालून बाजूला ठेवा. ते किंचित फाटेल, तसंच हवं आहे. त्यातलं आम्ल बेकिंग पावडरशी भेटलं की फुगवायला सुरुवातीचा जोर मिळतो.

मैदा, बेकिंग पावडर आणि मीठ एकत्र दोनदा चाळा. आता बटर. करंजीला किंवा शंकरपाळ्यांना आपण कडकडीत मोहन घालतो, इथे बरोबर उलटं, मोहन बर्फासारखं थंड हवं. बटर बारीक तुकडे करून किंवा सरळ जाड किसणीवर किसून मैद्यात टाका. मुंबईच्या मे महिन्यात करत असाल तर बटर अर्धा तास फ्रीजरमध्ये आणि मैदाही फ्रिजमध्ये ठेवलेला बरा. बोटांच्या टोकांनी, तळहात न लावता, पीठ वर उचलून खाली सोडत चोळायचं. मिश्रण जाड रव्यासारखं दिसलं की थांबा. मुठीत दाबून मुटका वळतो का बघायची सवय असते, इथे तसा मुटका वळेपर्यंत चोळू नका. मधे वाटाण्याएवढे एखाद-दोन तुकडे राहिले तरी चांगलंच. भट्टीत ते वितळतात, त्यातलं पाणी वाफ होऊन निघतं आणि आत पदर सुटतात.

साखर मिसळा, बेदाणे असतील तर तेही. मधोमध खळगा करा आणि दूध जवळजवळ सगळं एकदम ओता. दोन चमचे मागे ठेवा, कारण प्रत्येक मैदा सारखं पाणी शोषत नाही. हात घालू नका. बोथट सुरीने किंवा उलथण्याने सात-आठ वेळा फिरवा, गोळा ओबडधोबड जमू लागेल. तळाशी कोरडं पीठ राहिलं तरच मागे ठेवलेलं दूध घाला. हे पीठ बोटांना चिकटेल इतकं ओलसर असतं आणि असायलाच हवं. ते पोळीच्या कणकेसारखं गुळगुळीत करण्याचा मोह होतो, तिथेच स्कोन बिघडतो. पाणी आणि मळणं यांनी मैद्यातलं चिवटपणा देणारं ग्लुटेन जाळं विणतं. पावाला ते हवं असतं, स्कोनला नको.

ओट्यावर सढळ मैदा भुरभुरा, त्यावर गोळा उतरवा आणि हाताला मैदा लावून दोन-तीनदा घडी घाला. एवढंच. लाटणं घेऊ नका, तळहाताने थापून अडीच ते तीन सेंटिमीटर जाडीचं करा. ही जाडी म्हणजे अंगठ्याच्या रुंदीपेक्षा थोडी जास्त. बहुतेकांच्या हातून ती कमी होते आणि मग बेकिंग पावडरला दोष दिला जातो. स्कोन दुप्पट फुगेल अशी आशा ठेवू नका, मुळात उंच कापाल तरच उंच होईल.

कटर मैद्यात बुडवा, सरळ खाली दाबा, सरळ वर उचला. पिळायचा नाही. पिळला की कडा दाबून बंद होतात आणि स्कोन एका बाजूला कलतो. स्टीलच्या वाटीची किंवा पेल्याची दुमडलेली जाड कड हेच करते, म्हणून कटर नसेल तर धारदार सुरीने सरळ चौकोन कापा. चौकोनी स्कोन तितकेच चांगले होतात आणि उरलेले तुकडे पुन्हा जोडावे लागत नाहीत. गोल कापलेत तर कडेचे तुकडे हलकेच दाबून जोडून शेवटचे एक-दोन काढा. ते दिसायला थोडे वेडेवाकडे होतील, ते स्वयंपाकघरातच खाऊन टाकावेत.

वरच्या बाजूला ब्रशने दूध किंवा अंडं लावा, फक्त वरच. बाजूने ओघळ गेला तर तिथे पदर चिकटतात आणि त्या बाजूचा स्कोन वर येत नाही. गरम ट्रेवर बेकिंग पेपरसकट सरकवा, एकमेकांपासून दोन बोटं अंतर पुरे. जवळ असले की एकमेकांच्या आधाराने वर जातात.

दूध घातल्यापासून भट्टीत जाईपर्यंत दहा मिनिटांहून जास्त लागू देऊ नका. बेकिंग पावडरचा काही वायू ओलं होताच सुटायला लागतो, उरलेला उष्णतेने सुटतो. पीठ ओट्यावर ठेवून फोन घ्यायला गेलात तर पहिला जोर तिथेच संपतो.

१२ ते १४ मिनिटं. पहिली १० मिनिटं ओव्हन उघडायचं नाही. वर सोनेरी, तळ बदामी, आणि तळावर टिचकी मारली की पोकळ आवाज आला पाहिजे. कडेला मध्यावर एक खडबडीत भेग पडलेली दिसेल, ती चांगल्या स्कोनची खूण. काढल्यावर जाळीवर ठेवून स्वच्छ सुती फडक्याने झाका, कवच मऊ राहतं.

ओव्हन नसेल तर तवा

स्कोन मूळचा स्कॉटलंडचा, आणि तिथे तो आधी तव्यावरच भाजत. लोखंडी सपाट तव्याला तिकडे गर्डल म्हणतात. म्हणून तव्यावरचा स्कोन ही तडजोड अजिबात नाही. वरचंच पीठ, निम्मं घेऊन दीड सेंटिमीटर जाडीची गोल थापटी करा, तिचे चार त्रिकोण कापा. जाड तवा मध्यम तापवून आच मंद करा, तेल न लावता चिमूटभर मैदा भुरभुरा. मैदा लगेच करपला तर तवा जास्त तापला आहे, सावकाश तांबूस झाला तर बरोबर. दोन्ही बाजूंनी सहा-सात मिनिटं भाजा, शेवटी कडा उभ्या धरून मिनिटभर शेका. हे ओव्हनच्या स्कोनइतके उंच होत नाहीत, पण भाजलेल्या पिठाचा खमंग वास याच स्कोनना जास्त येतो.

ताटलीत

स्कोन सुरीने कापायचा नाही. भेगेवर दोन्ही अंगठे ठेवून उघडायचा, मग खडबडीत पृष्ठभागावर जॅम आणि क्रीम धरून राहतं. दोन्ही अर्धुकं वेगळी खायची, मिटून सँडविच करायचं नाही.

आता तो प्रसिद्ध वाद. डेव्हनमध्ये आधी क्रीम, वर जॅम. कॉर्नवॉलमध्ये आधी जॅम, वर क्रीम. डेव्हनचे लोक क्रीमला लोण्याच्या जागी मानतात, आणि त्यात तर्क आहे. तरी मी कॉर्नवॉलच्या बाजूची. स्कोन कोमट असताना क्रीम खाली लावलं की ते वितळून पिठात मुरतं. जॅमची गादी मधे असली की क्रीम थंड आणि घट्ट राहतं, आणि पहिला घास घेताना नाकाशी तेच येतं. क्रीम लावताना हात आखडता घेऊ नका. जॅमच्या थराइतकाच, शक्यतो त्याहून जाड थर द्या.

चहा मात्र आपला उकळलेला, आल्याचा नको. तो स्वतःच इतका भरदार असतो की क्रीमची नाजूक चव त्यात बुडून जाते. आसामचा चांगला पत्तीचा चहा घ्या. किटली आधी गरम पाण्याने विसळा, प्रत्येक कपाला एक छोटा चमचा पत्ती, खळखळतं पाणी, झाकून चार मिनिटं. गाळून कपात, थोडं गार दूध, साखर शक्यतो नाही. जॅमच्या गोडावर हा कडवटपणा हवाच असतो. दार्जिलिंग घेतलात तर तीन मिनिटं आणि बिनदुधाचा.

उरलं तर

स्कोन त्याच दिवशीचे. दुसऱ्या दिवशी ते कोरडे पडतात, तेव्हा अर्धे करून तव्यावर बटरमध्ये शेकावेत. जास्त करायचे असतील तर भाजलेले साठवण्यापेक्षा कापलेले कच्चे स्कोन फ्रीजरमध्ये ठेवा. गोठलेलेच थेट तापलेल्या ओव्हनमध्ये टाका आणि तीन-चार मिनिटं जास्त द्या. घरचं क्लॉटेड क्रीम झाकून फ्रिजमध्ये चार दिवस चांगलं राहतं. संपलं नाही तर गरम पुरणपोळीवर तुपाऐवजी घालून बघा.